भांडण कोंकणीत, पत्र मराठीत

गेल्या वर्षी चवथ आटोपल्यावर आम्ही उभयता हुबळीला जाऊन आलो. (अधिकृत नाव २०१४ पासून हुब्बळ्ळी. पण आम्हा गोंयकारांच्या तोंडी अजून हुबळीच, आणि तिथल्या कोणी त्याबद्दल राग धरलेला मी पाहिला नाही.) माझ्या बहिणीची मुलगी हुबळीला दिलेली आहे. 'दिलेली' हा शब्द सवयीने आला. तिला कोणी दिले नाही, ती आपल्या पायांनी गेली. बेंगळुरूला नोकरी करताना धारवाडचा एक मुलगा आवडला, दोन्ही घरी थोडी कुरकुर झाली, मग रीतसर लग्न झाले. त्याला सात वर्षे झाली. पाच वर्षांची एक मुलगी आहे.

एका रात्री तिचा फोन आला. "मामा, दोन दीस येवन वचशी? मामीकूय घेवन यो." आवाजावरून कळले की काही तरी बिनसले आहे. मी विचारले, तर म्हणाली, तसे काही नाही, पण आम्ही दोघे बोलतच नाही. मी वडीलकीच्या नात्याने जे कोणीही बोलला असता तेच बोललो. संसार म्हटला म्हणजे भांड्याला भांडे लागायचेच, मात्शें सांबाळून घे बाये. पलीकडे थोडा वेळ शांतता. मग "बरें मामा" म्हणून तिने फोन ठेवला.

हे सगळे आमच्या सौभाग्यवतीने बाजूच्या खोलीतून ऐकले होते. त्याचा हिशोब चार दिवसांनी कदंबाच्या बसमध्ये झाला. फोंडा मागे पडता पडता मी सहज म्हटले, "तिला नीट समजावूया." त्यावर ती एवढेच म्हणाली, "तुमी तिका कितेंच समजावंक नाकात. आयकून घेयात." मी म्हटले, ऐकूनच घेणार आहे. ती म्हणाली, फोनवर तर तुम्हीच बोलत होता. झाले. मोले गेले, अनमोडचा घाट चढला, रामनगर आले, आमच्यात शब्द नाही. अळणावरला बस चहासाठी थांबली तेव्हा तिने पर्समधून माझी रक्तदाबाची गोळी काढून हातावर ठेवली, तीही न बोलता. अबोला कितीही कडक असो, गोळीची वेळ चुकत नाही, असा आमच्या घरचा अलिखित नियम आहे.

हे एवढे घरगुती पुराण सांगायचे कारण पुढे येईल.

भाचीच्या घरी पोचलो तर सगळे व्यवस्थित. जावई स्टँडवर घ्यायला आलेला, घरी ज्वारीची भाकरी, एण्णेगाई, संध्याकाळी गिरमिट आणि मिरची भजी. जावई सज्जन आहे. दारू नाही, बाहेरचे काही नाही, आवाज चढवत नाही. आणि नेमकी हीच तिची तक्रार! तिला कंपनीने पुण्याला वरची जागा देऊ केली होती. तिने नवऱ्याला विचारले, तर तो 'बघूया' म्हणाला. असे बघत बघत तीन महिने झाले. तो नाही म्हणत नाही, होही म्हणत नाही. तिने पुन्हा विचारले की तो उठून मुलीचा अभ्यास घ्यायला जातो. मग दुधावरून, इस्त्रीच्या कपड्यांवरून, सासूच्या फोनवरून खटके उडतात. पुण्याचा विषय मात्र कोणी काढत नाही.

रात्री जावई झोपल्यावर ती आम्हा दोघांपाशी बसली आणि एक वाक्य बोलली, ते मला अजून सोडत नाही. ती म्हणाली, "मामा, आमकां झगडपाक भासच ना." त्याला राग आला की तो आईशी कानडीत बोलतो. तिला राग आला की ती आईला फोन लावून कोंकणीत बोलते. एकमेकांशी ती दोघे पहिल्यापासून इंग्रजीत बोलतात, कारण ओळख ऑफिसातली. "आणि इंग्लिशीन झगडलें काय ऑफिसाची मिटींग चल्ल्या अशें दिसता." दोघेही आपापले मुद्दे मांडतात, कोणी चुकीचा शब्द वापरत नाही, आणि शेवटी काहीच ठरत नाही.

मी गप्प बसलो. बायकोने माझ्याकडे पाहिले सुद्धा नाही. बरोबर होती ती. 'सांभाळून घे' या माझ्या दोन शब्दांचा खरा अर्थ 'पुण्याची जागा सोड' असा होता, आणि तो मला फोनवर दिसला नव्हता.

दुसरा दिवस रविवार. जावई म्हणाला, चला, तुम्हाला आमचे धारवाड दाखवतो. हुबळी आणि धारवाड म्हणजे वीसेक किलोमीटरवरची दोन गावे. हुबळी व्यापारी, गडबडीची. धारवाड मास्तरांचे, कवींचे आणि गवयांचे, जरा निवांत. १९६२ साली दोघांची एकच महानगरपालिका करून त्यांचा संसार लावून दिला. तेव्हापासून धारवाडवाल्यांची कुरकुर चालू, की घरातला सगळा पैसा हुबळीकडे जातो. अखेर जानेवारी २०२५ मध्ये कर्नाटकच्या मंत्रिमंडळाने धारवाडला वेगळी महापालिका द्यायचे ठरवले. बासष्ट-त्रेसष्ट वर्षांनी वेगळी चूल! हे मी गाडीत गमतीने बोललो. पुढच्या सीटवरची दोघेही हसली नाहीत.

धारवाडला त्याने आधी नेले ते साधनकेरीला. एक तळे आहे, त्याच्या जवळ कन्नड कवी द. रा. बेंद्रे यांचे घर. घराचे नाव 'श्रीमाता'. मराठी वाचकाला बेंद्रे आपले वाटावेत अशी अनेक कारणे आहेत. दत्तात्रेय रामचंद्र बेंद्रे यांचा जन्म ३१ जानेवारी १८९६ चा, धारवाडचाच. घराणे चित्पावन, घरची भाषा मराठी. शिक्षण पुण्याला. मराठीतही त्यांनी लिहिले; 'संवाद' या त्यांच्या मराठी पुस्तकाला १९६५ साली केळकर पारितोषिक मिळाले होते. १९४४ ते १९५६ ही बारा वर्षे ते सोलापूरच्या डी. ए. व्ही. कॉलेजात कन्नड शिकवत होते. पण कविता म्हटली की कानडी, आणि तीही पुस्तकी नव्हे, धारवाडच्या रस्त्यावरची, बाजारातली, स्वयंपाकघरातली. 'अंबिकातनयदत्त' हे नाव त्यांनी घेतले, अंबिकेचा मुलगा दत्त; अंबिका त्यांची आई. वडील ते बारा वर्षांचे असतानाच वारले होते. पुढे 'नाकु तंति', म्हणजे 'चार तारा', या संग्रहाला १९७३ चे ज्ञानपीठ मिळाले. त्या चार तारांतल्या पहिल्या दोन 'मी' आणि 'तू' आहेत. हे सगळे सन्मान नंतरचे. त्याआधीची वर्षे फार वेगळी होती, आणि मला त्यांच्याविषयीच बोलायचे आहे.

१९१९ साली बेंद्रे यांचे लग्न लक्ष्मीबाईंशी झाले. संसाराला सुरुवात झाली ती मास्तरकीच्या पगारावर. घरात मित्रांचा राबता, कारण १९२२ पासून त्यांनी 'गेळेयर गुंपु' हे साहित्यिक मित्रांचे मंडळ चालवले. कवींच्या मैफली रंगतात तेव्हा चहा कोण करत असते, हे लिहून ठेवण्याची पद्धत आपल्याकडे नाही, तिकडेही नाही. मग १९३२ साली 'नरबलि' ही कविता इंग्रज सरकारला राजद्रोही वाटली आणि कवीला बेळगावजवळच्या हिंडलगा तुरुंगात जावे लागले. सुटल्यावरही धारवाडजवळच्या मुगद गावात स्थानबद्धता. नोकरी कधी असे, कधी नसे. मुले झाली आणि त्यातली कितीतरी गेली. एका घरात इतके मृत्यू म्हणजे काय, याची आज कल्पना करणे सुद्धा कठीण.

अशा घरातून १९३७ साली 'सखीगीत' हे दीर्घकाव्य आले. कवीच्या स्वतःच्या सहजीवनाची ती कथा आहे. त्यात संसाराची गोडी आहे, गरिबी आहे, रुसवे आहेत, मुलांची दुःखे आहेत. काव्य बायकोला उद्देशून आहे, पण तिला पत्नी, गृहिणी, अर्धांगिनी न म्हणता सखी म्हटले आहे. १९३७ सालच्या धारवाडात, कर्मठ घरात, लग्नाच्या बायकोला सखी! जावयाने हे सांगितले तेव्हा मी मागे कधी तरी वाचलेले सगळे आठवू लागलो. कानडी मला ऐकून समजते, वाचता येत नाही. त्यामुळे तो थोडे म्हणायचा, मग अर्थ सांगायचा.

माझे म्हणणे असे की आपल्याकडच्या प्रेमकवितेला लग्नाचा मांडव ओलांडवत नाही. लग्नाआधीची हुरहूर आहे, विरह आहे, चांदणे आहे, आमच्या गोव्यात तर माड आहेत, समुद्र आहे आणि पाऊस आहे. बाकीबाबांनी या मातीतले प्रेम किती तऱ्हांनी गाइले! पण मंगळवारचे काय? मंगळवारी सकाळी गॅस संपतो, मुलाला ताप असतो, एकाने वीजबिल भरलेले नसते आणि दुसरा त्याला ते तिसऱ्यांदा सांगत असतो. याच मंगळवारी प्रेम जास्त खर्ची पडते, आणि याच्यासाठी शब्द मात्र नाहीत. आहेत ते सगळे सासूच्या तोंडचे, नाही तर वकिलाच्या. सासू म्हणते 'जुळवून घे', वकील म्हणतो 'जुळत नाही'. मधले काही नाहीच. हल्ली मुले मोबाइलवर जोडीदाराचे 'रेड फ्लॅग' मोजायला शिकली आहेत. त्याला मी नावे ठेवणार नाही, काही झेंडे खरेच लाल असतात. पण रोजचा रुसवा आणि रोजचा अन्याय यातला फरक झेंडा मोजून कळत नाही. त्याला बसून ऐकावे लागते.

बेंद्रे यांची आणखी एक कविता धारवाडच्या भागात फार प्रसिद्ध आहे. मूल गेले आहे आणि बायको नवऱ्याकडे एकटक पाहते आहे, रडत नाही. नवरा तिला विनवतो आहे की असे पाहू नकोस, रडून घे. बस, एवढाच प्रसंग. जावई ती कविता तळ्याच्या काठी अर्धी म्हणाला आणि थांबला. का थांबला ते मला ठाऊक होते. भाचीचे पहिले बाळंतपण पाचव्या महिन्यात वाया गेले होते. त्या वेळी आम्ही सगळ्यांनी तिला फोन करून धीर दिला होता. त्याला कोणी फोन केल्याचे मला आठवत नाही. मी तरी केला नव्हता.

ती म्हणाली (इंग्रजीत नव्हे, मोडक्या कानडीत), "तू मला तेव्हा हे का म्हणाला नाहीस?" तो काय बोलला ते ऐकायला मी थांबलो नाही. बायकोने माझी बाही ओढली आणि आम्ही दोघे तळ्याच्या दुसऱ्या बाजूला बगळे बघायला गेलो.

बगळे बघता बघता ती मला म्हणाली, "आनी ती कितें म्हणटाली?" ती म्हणजे कोण, भाची? "न्हय गो... ती बेंद्र्यांची बायल. तिणें कितें बरयलें?"

तिने काही लिहिलेले नाही. सखीगीत सखीचे नाही, सखीबद्दलचे आहे. हाच कवी रसिकाला सांगतो की सोसले ते माझ्यापाशी राहू दे, तुला देतो ते गाणे. कानडी माणसाला हे शब्द पाठ असतात आणि ते मोठेच आहेत, मीही त्यापुढे मान झुकवतो. पण बायकोच्या प्रश्नानंतर मला ते वेगळेच ऐकू येऊ लागले. सोसले ते एकट्याचे कुठे होते? निम्मे तिचे होते. कदाचित निम्म्याहून अधिक. गाणे वाटून द्यायची परवानगी तिच्याकडून कोणी घेतली होती का?

आता योगायोग पाहा. 'सखीगीत' १९३७ चे. जवळजवळ त्याच वर्षांत, १९३४ ते १९३६ मध्ये, मराठीत 'स्मृतिचित्रे' भागाभागाने प्रसिद्ध झाली. तीही एका कवीच्या संसाराची गोष्ट. तिथल्या बायकोचे नावही लक्ष्मीबाईच. फरक इतकाच की इथे सांगणारी ती आहे. रेव्हरंड नारायण वामन टिळक हे तापट, विसराळू, हातात पैसा न टिकणारे, रागाच्या भरात घर सोडून निघून जाणारे गृहस्थ. १८९५ साली त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि बायको-मुलगा एकीकडे, ते एकीकडे असे झाले. लक्ष्मीबाईंनी त्यानंतर पाच वर्षांनी, १९०० साली, आपला निर्णय स्वतः घेतला. या सगळ्यात किती वेळा संसार मोडायला आला असेल! पण बाईंनी तो अशा विनोदाने सांगितला आहे की नवऱ्याला एकही चूक माफ केलेली नाही आणि एकाही पानावर त्याच्यावरची माया लपलेली नाही. शिक्षण बेताचे, त्यामुळे भाषा जशी बोलत तशीच कागदावर उतरली. माझ्या मते मराठीत नवराबायकोच्या भांडणाची खरी भाषा त्या पुस्तकात आहे. पुढे १९९० साली सुनीताबाई देशपांडे यांचे 'आहे मनोहर तरी' आले तेव्हा किती लोक दचकले होते ते आठवते. घरातले बाहेर काढले म्हणून त्यांना बोल लावणारे होते. नवऱ्याने घरातले बाहेर काढले तर ते काव्य, बायकोने काढले तर चहाडी, असा हा आपला न्याय.

म्हणून बेंद्रे लहान होतात असे मला म्हणायचे नाही. उलट, त्यांनी सखी म्हटले, भांडण गाण्यात आणले, आपला बापपणाचा असहायपणा उघड केला. त्या पिढीतल्या पुरुषाला हे सोपे नव्हते. पण एका बाजूने सांगितलेली प्रेमकथा कितीही सुंदर असली तरी तिच्यात एक खुर्ची रिकामी राहते.

धारवाडहून परत येताना गाडीत जावयाने बेंद्रे यांचेच दुसरे गाणे लावले, 'हुब्बळ्ळियांवा'. म्हणजे 'तो हुबळीचा'. नेमाने येणारा हुबळीचा माणूस आता का येत नाही म्हणून एक बाई वाट पाहते आहे, आठवणी काढते आहे, रुसते आहे. ती त्याची लग्नाची बायको नव्हे, हे ऐकणाऱ्याला लगेच कळते. आम्हा गोव्याच्या लोकांना ते समजावून सांगावे लागत नाही. आमच्या कलावंत घराण्यांत 'येजमान' असत. त्यांच्या येण्याजाण्यावर घराचा दिवस उगवत आणि मावळत असे. गाणे गोड आहे, चाल तर फारच. पण 'येईल तेव्हा येईल' हा ज्या प्रेमाचा नियम, त्यात भांडणाचा हक्क कोणाला? भांडायला सुद्धा पायाखाली जमीन लागते.

हे ऐकताना हुबळीतल्याच एका बाईची आठवण न येणे शक्य नव्हते. गंगूबाई हनगल. जन्म १९१३ चा. आई अंबाबाई कर्नाटक संगीत गाणाऱ्या. गंगूबाईंचे वयाच्या सोळाव्या वर्षी हुबळीचे वकील गुरुराव कौलगी यांच्याशी नाते जुळले. ते ब्राह्मण, या गाणाऱ्या घराण्यातल्या. दोन मुलगे आणि एक मुलगी झाली. पण आडनाव कौलगी लागले नाही, हनगल या गावाचे नावच जन्मभर राहिले. हुबळीहून आगगाडीने कुंदगोळला जायचे, सवाई गंधर्वांपाशी शिकायचे, पुन्हा गाडीने घरी यायचे, मुले सांभाळायची, आणि मैफलींच्या मिळकतीवर घर चालवायचे. १९६६ साली कौलगी गेले. त्यानंतरही गंगूबाई गात राहिल्या, २००९ पर्यंत जगल्या. त्यांचे आत्मकथन आहे, कानडीत. त्यात त्यांनी आपल्या नात्याला कमी लेखलेले नाही आणि आपल्या कष्टांनाही नाही. माझ्या भाचीला मी हे सांगितले तर ती म्हणाली, "मामा, म्हणजे 'सांभाळून घे' असे त्यांनाही कोणी तरी म्हटले असणार." माझ्या त्या दोन शब्दांनी मला हुबळीपर्यंत गाठले होते.

आता त्या भाषेच्या मुद्द्याकडे येतो, ज्याच्यासाठी हे लिहायला बसलो. माझ्या पिढीच्या गोव्याच्या मराठी वाचकाचे घर आठवा. घरात कोंकणी, देवापुढे मराठी, शाळेत मराठी, काहींना पोर्तुगीज, नंतर इंग्रजी. मी लग्न ठरल्यावर होणाऱ्या बायकोला अकरा पत्रे लिहिली, सगळी मराठीत. खांडेकर, फडके वाचून शिकलेले प्रेम, त्याला मराठीच शोभायची. लग्न झाल्यावर पहिले भांडण झाले ते हुमणात मीठ जास्त पडले त्यावरून, आणि ते कोंकणीत. तेव्हापासून आजतागायत आम्ही मराठीत एकदाही भांडलेलो नाही. आणि कोंकणीत एकमेकांना प्रेमाचा शब्द? तोही फारसा नाही. 'जेवलीस?' हा आमचा सगळ्यात मोठा प्रेमाचा शब्द. भाषावादात मी कुठल्या बाजूला होतो ते जुने वाचक जाणतात, त्यात आज शिरत नाही. पण कबूल करायला हवे की माझ्या संसाराचे पत्र एका भाषेत आणि भांडण दुसऱ्या भाषेत राहिले. अनेक वर्षे मला वाटायचे की खरा मी पत्रातला. बायकोला ठाऊक होते की खरा मी हुमणातला.

बेंद्रे यांनी नेमके उलटे केले. ज्या भाषेत गल्लीतल्या बायका भांडतात, भाजीवाला घासाघीस करतो, त्याच बोलीत त्यांनी प्रेम लिहिले. म्हणून धारवाडचा रिक्षावालाही ते गुणगुणतो. घरची मराठी बाजूला ठेवून हा माणूस कानडीत गेला याचा काही मराठी लोकांना विषाद वाटतो. मला वाटत नाही. शेजाऱ्याच्या बोलीत त्याला आपला राग आणि आपली माया एकाच शब्दात सांगता आली, हे त्याचे भाग्य.

भाचीला सल्ला मी दिला नाही. दिला तो बायकोने, निघायच्या सकाळी, शेवया वाढता वाढता. ती म्हणाली, इंग्रजी दाराबाहेर चपलांपाशी ठेवा. त्याने कानडीत भांडावे, तू कोंकणीत भांड. सात वर्षांत दोघांनाही एकमेकांची भाषा समजायला लागली आहे, फक्त बोलायची लाज वाटते. नात मध्येच म्हणाली, मी सांगेन कोण काय म्हणाले ते! आम्ही हसलो. पण खरे सांगायचे तर मला तेव्हा ते जरा पोरकटच वाटले होते.

डिसेंबरात फोन आला. मामीला मागितले, मला नव्हे. कळले ते असे, की पहिल्याच भांडणात जावई कानडीत पाऊण तास बोलला. पुण्याला ती गेली की आपण आईवडिलांना काय सांगायचे, याची त्याला लाज वाटत होती. बायकोच्या नोकरीमागे गेला तर लोक हसतील, आणि न गेला तर एकटे राहायची भीती. 'लाज' आणि 'भीती' हे दोन शब्द त्याला तीन महिन्यांत इंग्रजीत सापडले नव्हते. मग तिनेही कोंकणीत काय काय सुनावले, त्यात त्या पाचव्या महिन्याचाही विषय निघाला. दोघे रडली. प्रश्न सुटला का? तसा नाही. ती जानेवारीपासून मुलीला घेऊन पुण्याला आहे, तो हुबळीतच. दर शनिवारी रात्रीच्या बसने जातो. एखादा शनिवार चुकला की ती मामीला निरोप पाठवते, 'हुब्बळ्ळियांवा आयलो ना.' त्यात थट्टा किती आणि राग किती ते मला ओळखता येत नाही. मामीला येते. एक शनिवार सासूला बरे नव्हते म्हणून चुकला, तर दुसरा त्याने नुसताच कंटाळा करून चुकवला, आणि त्यावरून आठवडाभर धुमश्चक्री झाली म्हणे. ती पुढे कधी पुण्यात एकत्र राहतील, हुबळीला परततील की आणखी काही, मी अंदाज करत नाही.

आमच्या परतीच्या प्रवासाचे राहिले. लाइन बाजारातून पेढे घेतले, बसमध्ये बसलो. खिडकीची जागा मी तिला दिली. घाट उतरताना धुके होते, तिने खिडकी बंद केली नाही आणि मीही कर म्हटले नाही. मोलेला ती म्हणाली, "हें तुमी बरयतले, खबर आसा म्हाका." मी म्हटले, लिहीन कदाचित. म्हणाली, "बरयात. पूण पयलीं म्हाका वाचून दाखयात."

म्हणून काल रात्री जेवणानंतर हे तिला वाचून दाखवले. भाचीला आणि जावयालाही फोनवर वाचून दाखवले, त्यांची हरकत नाही. सौभाग्यवतीने दोन वाक्ये काढायला लावली आणि एके ठिकाणी सुधारणा केली. मीठ जास्त पडले नव्हते, ते मुळात घातलेच नव्हते.